शेवटच्या पानावरचा आकडा

सायकलीला चिठ्ठी होती: ‘१९८६ची माउंटन बाइक, कॅटलॉगमधल्यासारखी करून द्या.’ दुकान कॅलिफोर्नियात, मॅरिन काउंटीत. इथल्याच रीपॅकच्या उतारावर १९७६ साली जाड टायरच्या जुन्या सायकलींच्या शर्यती सुरू झाल्या, त्यामुळे असं गिऱ्हाईक नवं नाही. पण चिठ्ठीतलं साल चुकलं होतं. मागच्या डिरेलरच्या, म्हणजे गिअर बदलताना साखळी सरकवणाऱ्या भागाच्या पाठीवर तो बनवणाऱ्या शिमानो कंपनीची दोन अक्षरं होती, एम आणि के. त्या काळात पहिलं अक्षर वर्षाचं, ए म्हणजे १९७६; दुसरं महिन्याचं. म्हणजे नोव्हेंबर १९८८. डिरेलर नंतर बदललेला असू शकतो, म्हणून हब, क्रँक, ब्रेकही पाहिले. सगळे त्याच सुमाराचे. सायकल १९८९च्या मोसमाची.

खरा घोळ सीटपोस्टचा, म्हणजे खोगीर ज्यावर बसतं त्या दांड्याचा. फ्रेमच्या स्टीलच्या नळीत ॲल्युमिनियमचा पोस्ट, मध्ये पाणी. ॲल्युमिनियमची पांढरी भुकटी फुगते आणि दोन्ही धातू एकमेकांना घट्ट धरतात. अमोनिया ओतून रात्रभर ठेवलं. सकाळी पोस्टचं डोकं व्हाइसमध्ये आवळून अख्खी फ्रेम फिरवली, तर डोकंच तुटलं. मग उरला हॅकसॉ, धातू कापायची करवत. नुसतं पातं आत घालून पोस्टला आतून उभी चीर पाडायची. हे काम कानाने करायचं: ॲल्युमिनियम कापताना आवाज मऊ आणि कीस पांढरा, आवाज करकरीत झाला, कीस काळपट आला की पातं स्टीलला लागलं, थांबायचं. समोर दुसरी चीर पाडली, पट्टी आत वाकवली, तेव्हा कुठे पोस्ट निघाला.

त्यावर छाप २६.६ मिमी. पण नळीच्या तोंडाचे, बोल्टने आवळायचे दोन्ही कान एकमेकांकडे वाकलेले, म्हणजे पोस्ट सैल होता आणि कुणीतरी बोल्ट पिळून भागवलं होतं. घासलेल्या नळीवर व्हर्निअरचा भरवसा धरता येत नाही. उत्तर १९८९च्या कॅटलॉगात होतं. लोक जपतात ते मुखपृष्ठ आणि धुळीतले स्वार. आमच्या कामाचं शेवटचं पान, जिथे बारीक टायपात कोन, नळ्या, सुटे भाग असतात. तिथे स्पष्ट २६.८. कान सरळ केले, नळी रीमरने, म्हणजे आतून खरवडणाऱ्या हत्याराने साफ केली, नवा २६.८चा पोस्ट ग्रीस लावून हाताने सरकला.

सायकलीच्या मालकांना कॅटलॉगच्या फोटोतलंच खोगीर हवं होतं. यादीत मात्र दुसरंच. कॅटलॉगचे फोटो बऱ्याचदा उत्पादनाआधीच्या नमुन्याचे असतात, म्हणून तर तळाशी ‘पूर्वसूचनेशिवाय बदल’ छापलेलं असतं. आम्ही यादीप्रमाणे बसवलं. फोटोतलं ते स्वतः शोधताहेत.