क्लॅन्सींचे स्वेटर

पावसाळा सरला की ट्रंक उघडून गरम कपड्यांना ऊन दाखवायचे, हा आमच्या घरचा रिवाज मी अजूनही पाळतो. यंदा ऑक्टोबरमधल्या एका दुपारी डांबरगोळ्यांच्या वासातून आईने विणलेला पांढरा स्वेटर हाती आला. तो गच्चीतल्या दोरीवर टाकताना मला आईच्याही आधी आयर्लंडच्या टिपरेरी परगण्यातील कॅरिक-ऑन-शूर या गावच्या जोहाना क्लॅन्सी आठवल्या, याची थोडी लाजच वाटली.

या बाईंची पॅडी, टॉम आणि धाकटा लिअम ही तीन मुले न्यूयॉर्कमध्ये आयरिश लोकगीते गात असत. खरे म्हणजे पॅडी आणि टॉम यांना नाटकात नाव काढायचे होते. ग्रीनिच व्हिलेजमधील चेरी लेन थिएटरमध्ये ते नाटके करत आणि त्यांचा खर्च भागावा म्हणून मध्यरात्री गाण्याच्या बैठका लावत; पुढे नाटक राहिले बाजूला आणि गाणेच पोट भरू लागले. चौथा गडी टॉमी मेकम, हा आडनावाने घरचा नव्हे. तो आर्मा परगण्यातल्या कीडी गावचा; परंतु त्याची आई सारा मेकम हिच्यापाशी गाण्यांचा केवढा तरी साठा होता, आणि बीबीसीच्या लोकगीतांच्या कार्यक्रमाची सुरुवात एके काळी तिच्याच आवाजाने होत असे. लोकगीते गोळा करणाऱ्या डायान हॅमिल्टन १९५५ मध्ये आयर्लंडभर हिंडल्या, तेव्हा त्यांच्यासोबत लिअम या मेकमांच्या घरी गेला आणि दोघा मुलांची गट्टी जमली. म्हणजे या मंडळींचा इतिहास मुळात दोन आयांच्या स्वयंपाकघरांचा आहे.

न्यूयॉर्कमध्ये थंडीचा कहर झाल्याचे कानी आल्यावर जोहानाबाईंनी मुलांसाठी आयर्लंडच्या पश्चिम किनाऱ्याजवळील ॲरन बेटांकडच्या धर्तीचे जाड, वेणीच्या विणीचे पांढरे स्वेटर पाठवले. मार्टी अर्लिकमन हे त्यांचे व्यवस्थापक या चौघांना रंगमंचावर शोभेल असा वेश शोधतच होते. स्वेटर पाहताच त्यांचा शोध संपला. १२ मार्च १९६१ रोजी एड सलिव्हन यांच्या दूरचित्रवाणी कार्यक्रमात दुसरे कलावंत ऐनवेळी न आल्याने या चौघांना थोडथोडकी नव्हे, पाव तासाच्या आसपास वेळ मिळाली, आणि अमेरिकेतल्या घराघरांत आयरिश गाणे व आयरिश स्वेटर एकदमच पोहोचले. स्टुडिओच्या त्या प्रखर दिव्यांखाली, एवढी लोकर अंगावर घालून, बेंजो वाजवत घसा फोडून गायचे म्हणजे चेष्टा नव्हे. आईची काळजी अंगावर घेऊन घामाघूम होणे म्हणजे काय, ते त्या चौघांना चांगले कळले असणार.

माझ्या आईला थंडी ठाऊक नव्हती. कोकणात लोकरीचा आणि माणसाचा संबंध कानटोपीपुरता. मला दिल्लीला नोकरी लागल्यावर तिने शेजारच्या शिक्षिकाबाईंकडे दुपारी जाऊन उलट-सुलट टाके शिकून घेतले आणि श्रावणातल्या दमट उकाड्यात, हाताचा घाम पदराला पुसत, ती विणत बसली. दर चार दिवसांनी “पाठ कर बघू” म्हणून अर्धवट विणलेला भाग माझ्या उघड्या पाठीला लावून बघायची. त्या सुयांची गार टोके मला अजून आठवतात. दिल्लीत मी तो स्वेटर दोनदा घातला. कार्यालयात कोणीतरी “घरी विणलाय वाटतं?” असे विचारले, आणि मी बाजारात जाऊन एक तपकिरी, गुळगुळीत स्वेटर विकत घेतला.

आयर्लंडमध्येही या गाण्यांचे पुष्कळांना असेच काहीसे झाले होते. ती खेडवळ, चुलीपाशी म्हणायची गाणी. चारचौघांत मिरवण्याची नव्हेत. आयरिश रेडिओवरचे निवेदक किअरन मॅक माहुना यांनी अमेरिकेतून आणलेल्या क्लॅन्सींच्या तबकड्या तिकडच्या रेडिओवर वाजवल्या, तेव्हा कुठे आपल्याच घरचे गाणे लोकांना ऐकावेसे वाटले. जुनी गाणी एकट्याने, साथीशिवाय, सावकाश म्हणायची रीत होती. यांनी ती चौघांनी मिळून, जोरात, द्रुत लयीत म्हटली. जाणकारांनी नाके मुरडली. खरे सांगायचे तर मलाही सारा मेकमचा एकटा आवाज अधिक आवडतो, आणि १९६३ च्या कार्नेगी हॉलमधील मैफलीच्या तबकडीत श्रोते सुरात सूर मिसळू लागले की मी आवाज कमी करतो. टाळ्या आणि साथ देणारे श्रोते मला कोणत्याच मैफलीत सोसत नाहीत.

ॲरन स्वेटरची वीण घराण्याघराण्याची वेगळी असते आणि बुडालेला कोळी तिच्यावरून ओळखता येतो, असे दुकानदार सांगतात. ते खरे नाही. ही वीण विसाव्या शतकातली आहे आणि बव्हंशी विक्रीसाठीच फोफावली. या कल्पनेला खतपाणी मिळाले ते आयरिश नाटककार जे. एम. सिंग (Synge) यांच्या १९०४ च्या एका एकांकिकेतून, आणि तिथे स्वेटर नाहीच, मोजा आहे. साठ टाके घातले होते, त्यांतले चार सुटले होते, एवढ्यावरून बहीण बुडालेल्या भावाला ओळखते.

हे सगळे पाठ असूनही मी दोरीवरचा स्वेटर उलटा करून पाहिला. डाव्या काखेखाली दोन टाके सुटलेले आहेत. उन्हे कलल्यावर तो घालून पाहिला, तर आता तो पोटावर बसत नाही.