भारताचा फुटबॉल विजेता कोण, हे कुठल्या तक्त्यात बघायचं?

१५ एप्रिल २०२४, कोलकात्याचं सॉल्ट लेक स्टेडियम, इंडियन सुपर लीगचा (आयएसएल) शेवटचा साखळी सामना. मुंबई सिटीचे ४७ गुण, मोहन बागानचे ४५. मुंबईला नुसती बरोबरी पुरली असती. बागानने २-१ ने सामना मारला, ४८ गुणांवर जाऊन लीग शील्ड उचलली. १९ दिवसांनी, ४ मेला, त्याच मैदानावर पुन्हा हेच दोन संघ. या वेळी मुंबई ३-१ ने जिंकली आणि आयएसएल करंडक घेऊन घरी आली. मग २०२३-२४ चा भारतीय विजेता कोण?

बागान. मुंबईकरांना हे पचायला जड जातं, पण हिशेब सरळ आहे. वर्षभर सगळ्यांशी घरी आणि बाहेर खेळून जो गुणतालिकेत वर राहतो त्याला शील्ड, आणि आशियाई क्लब स्पर्धेतली भारताची मुख्य जागा शील्डला जोडलेली. करंडक म्हणजे त्या तालिकेतल्या वरच्या संघांची वेगळी बाद फेरी. गोंधळाचं कारण असं की २०१४ पासून पहिली पाच वर्षं शील्ड नावाची चीजच नव्हती. अंतिम सामना जिंकला तो चॅम्पियन, हीच सवय प्रेक्षकांना लावली गेली. शील्ड आली २०१९-२० मध्ये. पहिली एफसी गोवाने जिंकली आणि आशियाई चॅम्पियन्स लीगच्या गटफेरीत थेट खेळणारा तो पहिला भारतीय क्लब ठरला. एप्रिल २०२१ मध्ये गोव्यातल्या फातोर्ड्यावर झालेल्या त्या गटात त्यांनी तीन सामने बरोबरीत सोडवले आणि कतारच्या अल रय्यानच्या वर, तिसरा क्रमांक घेतला. २०१९-२० च्या करंडकावर नाव मात्र कोलकात्याच्या एटीके क्लबचं आहे.

बाद फेरीची रचना २०२२-२३ ते २०२४-२५ या हंगामांत सहा संघांची होती. पहिले दोन थेट उपांत्य फेरीत. तिसरा विरुद्ध सहावा, चौथा विरुद्ध पाचवा असे दोन एकेरी सामने, वरच्या क्रमांकाच्या संघाच्या घरी. उपांत्य फेरी घरी-बाहेर दोन लढतींची, अंतिम सामना एकच. याच फेरीत ३ मार्च २०२३ ला बेंगळुरूत ते गाजलेलं प्रकरण झालं. जादा वेळेत सुनील छेत्रीने केरळच्या बचावपटूंची भिंत लागायच्या आत फ्री-किक मारून गोल केला आणि केरळ ब्लास्टर्सचा संघ मैदान सोडून गेला. नियम काय सांगतो? आक्रमक संघाला फ्री-किक पटकन घ्यायची मुभा असते. रेफरीने ९.१५ मीटर अंतर मोजायला घेतलं किंवा ‘शिट्टीची वाट बघ’ अशी खूण केली, तरच थांबायचं. म्हणजे सगळा वाद रेफरीने थांबायला सांगितलं होतं की नाही एवढ्याचाच होता. गोल कायम राहिला आणि मैदान सोडल्याबद्दल केरळला ४ कोटींचा दंड झाला. समोरच्या संघाला फ्री-किक मिळाल्यावर चेंडूसमोर एक माणूस उभा ठेवायचा, हे शाळेच्या संघालाही शिकवतात.

गुण समान झाले तर? इथे बरेच जण फसतात, कारण टीव्हीवरच्या तक्त्यात गोलफरकाचा (केलेले वजा खाल्लेले गोल) रकाना डोळ्यासमोर असतो. आयएसएलमध्ये आधी त्या दोन संघांचे आपसातले सामने बघतात, एकूण गोलफरक त्यानंतर. २०२०-२१ चं उदाहरण घ्या. शेवटच्या दिवसाआधी एटीके मोहन बागान (बागानचं तेव्हाचं नाव) ४० गुणांवर, मुंबई सिटी ३७ वर. २८ फेब्रुवारीला बांबोळीत दोघांची गाठ. बरोबरी झाली असती तर शील्ड कोलकात्याला. मुंबई २-० ने जिंकली, दोघेही ४० वर आले. आधीच्या लढतीतही मुंबई १-० ने जिंकलेली होती, तेव्हा आपसातल्या हिशेबात वादाला जागाच उरली नाही. पंधरवड्याने, १३ मार्चला, बिपिन सिंगने शेवटच्या मिनिटाला गोल करून करंडकही मिळवून दिला. कोविडमुळे तो अख्खा हंगाम गोव्यातल्या तीन मैदानांवर खेळवला होता: फातोर्डा, बांबोळी आणि वास्कोचं टिळक मैदान.

सामन्यांची संख्या काढायला सूत्र सोपं आहे. संघांची संख्या गुणिले तिच्यापेक्षा एकने कमी संख्या. ८ संघ असताना ५६, १० असताना ९०, ११ असताना ११०, २०२४-२५ मध्ये १३ संघ म्हणून १५६. वर बाद फेरीचे ७ धरले की १६३. संघ विषम असले की दर फेरीत एकाला सुट्टी. त्यामुळे २४ सामन्यांसाठी २६ फेऱ्या लागतात आणि अर्ध्या मोसमात तालिका खोटं बोलते. कुणाचे १४ सामने झालेले, कुणाचे १२. अशा वेळी गुणांआधी ‘सामने’ हा रकाना वाचायचा.

आता मागे जाऊ. राष्ट्रीय लीग ही आपल्याकडे फार उशिरा आलेली गोष्ट. ड्युरंड स्पर्धा १८८८ ची, मुंबईचा रोव्हर्स करंडक १८९१ चा, कोलकाता लीग १८९८ ची. पण देशभरच्या क्लबांची लीग सुरू झाली ती १९९६-९७ मध्ये, नॅशनल फुटबॉल लीग या नावाने. पहिला विजेता फगवाड्याचा जेसीटी, कापड गिरणीचा संघ. २००७-०८ मध्ये तिची आय-लीग झाली. मग २०१४ मध्ये आठ शहरांची आयएसएल बाजूला उभी राहिली, २०१७-१८ पासून दोन्ही एकाच वेळी चालू लागल्या आणि ऑक्टोबर २०१९ मध्ये आशियाई महासंघाने मंजूर केलेल्या आराखड्याने आयएसएल अव्वल, आय-लीग दुय्यम ठरली.

या तीन नावांच्या मध्ये एक कालखंड असा आहे की त्याबद्दल आपल्याकडेच फार कमी बोललं जातं. २००४-०५ ते २०१२-१३, सलग नऊ हंगाम, देशाचं विजेतेपद कोकण किनारपट्टीच्या बाहेर गेलं नाही. डेम्पो, महिंद्रा युनायटेड, डेम्पो, डेम्पो, चर्चिल ब्रदर्स, डेम्पो, साळगावकर, डेम्पो, चर्चिल. नऊपैकी आठ गोव्याची, एक मुंबईचं. डेम्पोच्या पाचही विजेतेपदांच्या वेळी प्रशिक्षक एकच, आर्मांदो कुलासो. आणि २००५-०६ मध्ये महिंद्राला लीग आणि फेडरेशन करंडक असे दोन्ही मिळवून देणारे डेरिक परेरा, तेही गोव्याचेच.

मग हे क्लब गेले कुठे? प्रत्येकाची गोष्ट वेगळी, पण दुखणं एक. हे संघ घराण्यांच्या किंवा कंपन्यांच्या खर्चावर उभे होते. तिकीट, प्रक्षेपण, खेळाडूंची विक्री यातून पगार निघत नव्हते. मालकाने हात आखडला की संघ संपला. महिंद्राने २०१० मध्ये गाशा गुंडाळला, जेसीटीने २०११ मध्ये. २०१३ मध्ये एअर इंडिया आणि ओएनजीसी क्लब परवान्याच्या निकषांवर बाहेर गेले. हा परवाना पाच बाबी तपासतो: खेळ (यात कुमार संघ येतात), मैदान-सुविधा, माणसं, कायदेशीर बाजू आणि पैसा. कार्यालयीन संघ कायदेशीर बाजूलाच अडकतो, कारण तो स्वतंत्र क्लब नसून कंपनीचं एक खातं असतो. चर्चिलने २०१२-१३ ची लीग जिंकली आणि २०१४ मध्ये त्यांनाही परवाना मिळाला नाही. पुन्हा दिसले ते २०१६-१७ मध्ये.

महाराष्ट्राची बाजू तर चार ओळींत संपते. २०१४-१५ च्या आय-लीगमध्ये आपले तीन क्लब होते: मुंबई एफसी, पुणे एफसी, भारत एफसी. पुण्याचे दोन्ही त्या हंगामानंतर उठले. मुंबई एफसी २०१६-१७ मध्ये तळाला जाऊन बंद पडला. आयएसएलमधला पुणे सिटी २०१९ मध्ये संपला आणि त्याची जागा हैदराबादने घेतली. उरला मुंबई सिटी, आणि त्यालाही २०२३ मध्ये आशियाई स्पर्धेचे घरचे सामने अंधेरी सोडून बालेवाडीत आणि नेरूळच्या डी. वाय. पाटीलवर न्यावे लागले.

खरा घोळ मात्र तळाशी आहे. लीगचा कणा वर कोण जातं यापेक्षा खाली कोण उतरतं यावर उभा असतो, आणि आपल्याकडे रेलिगेशन कधी धड राबवलंच गेलं नाही. २०१४-१५ मध्ये अकरा संघांत शेवटचा भारत एफसी. पण तो पैसे भरून थेट प्रवेश घेतलेला क्लब, त्याला पदावनतीपासून अभय होतं. म्हणून दहावा आलेला डेम्पो, पाच वेळचा विजेता, खाली गेला. ज्याला वाचवलं त्या भारत एफसीने तर पुढच्या हंगामात संघच उतरवला नाही.

डेम्पोने दुसरी श्रेणी जिंकून वरची जागा परत मिळवली. पण २०१६ मध्ये, पुढे आयएसएलच अव्वल होणार आणि आपल्याला तळमजला मिळणार हे दिसल्यावर डेम्पो, साळगावकर आणि स्पोर्टिंग या तिन्ही गोमंतकीय क्लबांनी आय-लीगमधून अंग काढून घेतलं. जागा रिकाम्या झाल्या. मिझोरामचा ऐझॉल एफसी त्या वर्षी खाली गेला होता, त्याला परत बोलावलं गेलं. आणि ३० एप्रिल २०१७ ला शिलाँगमध्ये १-१ अशी बरोबरी साधून तोच ऐझॉल देशाचा विजेता झाला! प्रशिक्षक खालिद जमील, जे आधी महिंद्राकडून खेळले होते आणि मुंबई एफसीचा संघ अनेक वर्षं सांभाळत होते. त्याच मोसमात मुंबई एफसी तळाला गेला, हे विसरू नये.

आयएसएलमध्ये तर खाली जाणं हा प्रकारच ठेवला नव्हता. डिसेंबर २०१० मध्ये भारतीय फुटबॉल महासंघाने व्यापारी हक्क १५ वर्षांसाठी ७०० कोटींना दिले, त्यातून ही लीग निघाली. फ्रँचायझीने दरवर्षी शुल्क भरायचं, बदल्यात जागा कायम. पैसे घालणाऱ्याला ही हमी हवी असते, हे समजण्यासारखं आहे. पण मग नवव्या-दहाव्या क्रमांकाच्या संघाला जानेवारीनंतर खेळायला कारणच उरत नाही. सामने बघताना ते जाणवतं: मार्चमधली मधल्या तक्त्यातली लढत म्हणजे सरावच. एक सुधारणा मात्र मनापासून मान्य करायला हवी. २०१४ मध्ये अकरांत सहा परदेशी खेळाडू चालत. २०१७-१८ मध्ये पाच झाले, २०२१-२२ पासून चार. त्यामुळे बचावातल्या आणि मधल्या फळीतल्या जागा भारतीय मुलांना मिळाल्या. गोल करणारा मात्र बहुतेक क्लबांनी अजून बाहेरचाच ठेवलाय.

वर जाण्याचा दरवाजा २०२३ मध्ये उघडला: पंजाब, मग २०२४ मध्ये मोहम्मेडन, दोघेही आय-लीग जिंकून, फ्रँचायझी शुल्क न भरता. २०२४-२५ मध्ये त्या दारातच भांडण झालं. शेवटच्या दिवशी चर्चिल ४० गुणांवर, इंटर काशी ३९ वर. पण जानेवारीत नामधारी या क्लबाविरुद्ध काशी ०-२ ने हरला त्या सामन्यात नामधारीने पिवळ्या कार्डांमुळे निलंबित असलेला खेळाडू उतरवला होता. शिस्तपालन समितीने सामना ३-० ने काशीला दिला, अपील समितीने तो निर्णय फिरवला, चर्चिलला विजेता घोषित केलं, आणि १८ जुलै २०२५ ला स्वित्झर्लंडमधल्या क्रीडा लवादाने काशीला विजेता ठरवलं. कार्डांचा हिशेब ही संघ-व्यवस्थापकाच्या वहीतली एक ओळ असते. सामन्याच्या आदल्या संध्याकाळी ती तपासायची आणि संघयादीवर सही करताना पुन्हा एकदा. इथे त्या एका ओळीपायी एप्रिलमधला विजेता जुलैत बदलला.

हक्कांचा तो पंधरा वर्षांचा करार ८ डिसेंबर २०२५ ला संपला. नवा हातात नसल्याने २०२५-२६ चा हंगाम सप्टेंबरात सुरूच झाला नाही. जानेवारी २०२६ मध्ये जाहीर झालं ते असं: १४ फेब्रुवारीपासून, १४ क्लब, एकेरी लीग, ९१ सामने. वरचं सूत्र इथे निम्मं करायचं. प्रत्येकाला १३ सामने, म्हणजे घरचे कुणाला सात तर कुणाला सहाच. आणि गुण समान झाले तर आपसातली लढत एकच, तीही कुणाच्या तरी घरची. तेव्हा त्या मोसमाचा तक्ता वाचताना आधी शेजारी कार्यक्रमपत्रिका उघडून ठेवा.