मुखत्यारपत्रावरचं घर

"ताई, कागद सगळे आहेत," असं म्हणत काकांनी प्लास्टिकची पिशवी माझ्या टेबलावर उपडी केली. सिडकोचं, म्हणजे घरं बांधून वाटणाऱ्या सरकारी महामंडळाचं वाटपपत्र, हप्त्यांच्या पिवळ्या पडलेल्या पावत्या, स्टॅम्पपेपरवरचं साठेखत म्हणजे विक्रीचा करार, आणि नोटरी केलेलं जनरल मुखत्यारपत्र, म्हणजे मालकाच्या वतीने व्यवहार करायचा अधिकार. खरंच सगळं होतं. फक्त सिडकोच्या दप्तरात काकांचं नाव कुठेच नव्हतं.

नाशिकला पवननगरच्या मागच्या गल्लीतलं घर. काका अंबडच्या एका कारखान्यात होते. १९९४ साली एक लाख दहा हजारांना घेतलं, वर एक मजला चढवला, दोन मुलींची लग्नं तिथूनच केली. आता मुलाकडे पुण्याला जायचं होतं. गिऱ्हाईक मीच आणलं होतं, भाव ठरला, विसारही झाला आणि बँकेच्या वकिलाने फाइल परत पाठवली.

सिडकोची घरं ९९ वर्षांच्या भाडेपट्ट्यावर दिलेली. तेव्हा विकायचं तर सिडकोची परवानगी घ्यावी लागायची, हस्तांतरण शुल्क भरावं लागायचं. ते पैसे आणि हेलपाटे वाचवायला लोक सरळ मुखत्यारपत्र करून चावी हातात द्यायचे. पुढे २०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्टच सांगितलं की साठेखत आणि मुखत्यारपत्रावर मालकी दुसऱ्याकडे जात नाही.

"अहो, तीस वर्षं राहतोय! बारा वर्षांच्या ताब्यावर घर आपलं होतं ना?" काकांनी विचारलं. हे बारा वर्षांचं प्रकरण नाशकात प्रत्येकाला पाठ आहे, आणि बहुतेकांना चुकीचं पाठ आहे. मालकाच्या संमतीने, पैसे देऊन आत आलेल्याचा ताबा मालकाच्या विरोधातला धरत नाहीत, आणि तसा नसला तर मालकी मिळत नाही. काकांना त्या घरातून कुणी सहज काढू शकलं नसतं, साठेखताचं तेवढं संरक्षण होतं. पण राहायला पक्कं असलेलं ते घर विकायला कच्चंच होतं.

आता मूळ मालकाला गाठायचं होतं. साठेखतावरचा एक साक्षीदार सातपूरला सापडला. त्याच्याकडून गावाचं नाव मिळालं, नांदूरशिंगोट्याच्या अलीकडचं. मूळ मालक २००९ मध्येच वारले होते. म्हणजे मुखत्यारपत्रही त्यांच्याबरोबर गेलं. कायद्यात त्याला अपवाद आहेत, पण बँकेचा वकील अपवाद शोधायला बसलेला नसतो.

एका गुरुवारी काकांना गाडीत घालून निघाले. मोहदरी घाट चढेपर्यंत त्यांचं एकच चालू होतं, "एक लाख दहा हजार मोजून दिलेत, ताई. नोटा मोजून."

मूळ मालकांच्या पत्नी, म्हणजे आजी, कांद्याच्या चाळीपुढे कांदे निवडत होत्या. मी ओळख सांगितली, घराचं नाव काढलं. त्यांनी मान वरसुद्धा केली नाही. "सिडकोतलं घर? ते तर हप्ते थकले म्हणून सरकारनी माघारी घेतलं."

काकांनी माझ्याकडे पाहिलं. मला काय बोलावं सुचेना. असल्या वेळी मी एरवी कागद पुढे करते, त्या दिवशी पिशवी मांडीवर तशीच राहिली. शेवटी काकाच म्हणाले, "माघारी नाही घेतलं, आजी. मी घेतलं. तुमच्या मालकांकडून."

"कितीला?"

त्यांनी आकडा सांगितला. साल सांगितलं. आजींच्या हातातला कांदा हातातच राहिला. "त्याच साली बोअर मारली होती," त्या म्हणाल्या. "पाणी नाही लागलं."

तोवर आजींचा पुतण्या आला. त्याने चहा सांगितला आणि बसल्या बसल्या पवननगरचा आजचा भाव मला विचारला. तो भाव त्याला आधीच ठाऊक होता हे त्याच्या विचारण्यातच दिसत होतं. चहा यायच्या आत त्याने पाच लाख मागितले. काका ताडकन उठले. एकाच घराचे दोनदा पैसे? त्यांचा संताप मला पटत होता. पण दप्तरी नाव त्या कुटुंबाचं होतं, सह्या त्यांच्या लागणार होत्या, आणि हे पुतण्याला आमच्याइतकंच कळत होतं.

"पाच नको," आजी म्हणाल्या. "बोअरीत गेले तेवढे द्या."

"तेवढे मी दिलेत ना एकदा!"

"ते त्यांना दिले. मला कुठं दिले?"

काका पुन्हा बसले. चहा घेतला. घाट उतरेपर्यंत एक शब्द बोलले नाहीत, आणि सिन्नर फाटा आल्यावर म्हणाले, "देऊन टाकू."

पुढचं सगळं कंटाळवाणं आहे: मृत्यूचा दाखला, वारसांची नोंद, पेपरात जाहीर नोटीस, येवल्याला दिलेल्या आजींच्या लेकीची सही, मग काकांच्या नावावर हस्तांतरण. पाच महिने गेले. पहिलं गिऱ्हाईक विसार परत घेऊन पाथर्डी फाट्याला फ्लॅट घेऊन मोकळं झालं. दुसरं मिळालं, दस्त नोंदवला, मला माझा एक टक्का मिळाला.

पण हा किस्सा मी लिहायला घेतला तो काकांसाठी नाही. आज माझ्या कार्डावर महारेराचा, म्हणजे घरांच्या व्यवहारांवर देखरेख करणाऱ्या सरकारी प्राधिकरणाचा, एजंट म्हणून नंबर आहे, पन्नाशीत परीक्षा देऊन सर्टिफिकेट घेतलंय, सोसायट्यांत लोक मला कागदपत्रांवर बोलायला बोलावतात. आणि २००६ ते २००८ या काळात उत्तमनगर, पवननगर भागात अशीच घरं मी स्वतः विकून दिली आहेत, मुखत्यारपत्रावर. तेव्हा सगळेच तसं करायचे, हे खरं आहे. काम दोन दिवसांत व्हायचं आणि दलाली रोख मिळायची, हेही खरं आहे.

काकांचा दस्त झाला त्या संध्याकाळी जुनी वही काढली. अशी सात नावं निघाली. पहिल्या नंबरवर फोन लावला, सुदैवाने लागला. मी म्हटलं, तुमच्या सिडकोच्या घराचे कागद एकदा दाखवायला या, सिडकोत नाव लावून घेऊ.

"ताई, ते तर आम्ही केव्हाच विकलं की."

"कशावर विकलं?"

"तुम्हीच करून दिलं होतं ना, तसंच. मुखत्यारपत्रावर."