वहीत न लिहिलेली अर्धी गोळी

निपाणीत माझं मोटर भरायचं दुकान आहे. शेतकऱ्यांच्या जळालेल्या सबमर्सिबल उकलायच्या, स्लॉट साफ करायचे, तांब्याची नवी तार भरायची. या कामाला बोटं शांत लागतात. 2014 साली माझ्या उजव्या हाताचा अंगठा आणि तर्जनी एकमेकांवर आपोआप घासायला लागली. गिऱ्हाइकांना वाटायचं मी तंबाखू मळतोय. निपाणीत त्याचं कुणाला काय नवल?

कोल्हापूरच्या डॉक्टरांनी चालायला लावलं, हात उघडझाप करायला लावली आणि कंपवात, म्हणजे पार्किन्सन, सांगितला. लेव्होडोपाच्या गोळ्यांवर सहाएक वर्षं बरी गेली. मग गोळीचा अंमल लवकर उतरायला लागला. पुढची गोळी घ्यायच्या आधी बेअरिंग जाम झाल्यासारखं अंग धरायचं, आणि गोळी चढली की मान, खांदा वळवळायचा. गोळी वाढवली तर वळवळ, कमी केली तर जाम. बेंगळुरूला जा, मेंदूत तारा घालतात, असं तेव्हा पहिल्यांदा कानावर आलं.

तपासण्यांचं फार सांगत बसत नाही. रात्रभर गोळी बंद ठेवून सकाळी तपासतात, मग गोळी देऊन पुन्हा तपासतात. गोळीनं जे सुधारतं तेच साधारण या तारांनी सुधारतं, म्हणून ही परीक्षा. 2023 मध्ये ऑपरेशन झालं. डोक्याला चौकट आवळलेली, मी जागा. कवटीला भोक पाडताना दुखलं नाही, पण ड्रिलचा आवाज दुकानातल्यासारखाच, त्यामुळं कसलं ड्रिल-बिट वापरतात हाच विचार डोक्यात. वाटाण्याहून लहान अशा एका गाठीत तारेचं टोक जातं, दोन्ही बाजूंना एकेक. आठवड्यानं छातीत कातडीखाली बॅटरीची डबी बसवली, उजव्या अंगाला. डाव्या बाजूला हृदयाच्या ठोक्याचा सिग्नल मध्ये घुसायची शक्यता जास्त, असं सांगितलं. ही डबी नुसता करंट देत नाही, मेंदूतला सिग्नल ऐकूही शकते. तेव्हा मला त्याचं महत्त्व कळलं नाही.

हात थांबला. गोळ्या निम्म्यावर आल्या. पण करंट चोवीस तास एकसारखा, आणि तो माझ्या सगळ्यात वाईट तासाच्या हिशेबानं लावलेला. चांगल्या तासात तोच जास्त व्हायचा. जीभ जड पडायची. फोनवर गिऱ्हाईक विचारायचं, "मामा, सकाळी सकाळीच काय?" दारूला मी आयुष्यात शिवलो नाही, हे कुणाकुणाला सांगायचं?

2025 मध्ये मुलीला कळलं की करंट आपला आपण कमी-जास्त करायची सोय मंजूर झाली आहे. जपानात ती 2020 पासून होती, युरोप-अमेरिकेत 2025 च्या सुरुवातीला आली. माझी डबी त्याच जातीची, त्यामुळं पुन्हा चिरफाड नको, सॉफ्टवेअर चालू करायचं. मला वाटलं, एक बटण दाबतील आणि रात्रीच्या राणी चन्नम्मा एक्स्प्रेसनं परत. त्यात पाच महिने गेले.

डॉक्टरांनी समजावलं ते मला पटकन कळलं, कारण टाकीला फ्लोट बसवणं माझ्या हातचं काम. कंपवातात त्या गाठीतले पेशींचे गट एकाच लयीत अडकतात, सेकंदाला 13 ते 30 च्या दरम्यान. बीटा म्हणतात त्याला. बीटा चढला की अंग जाम, गोळीनं किंवा करंटनं तो उतरतो. डबी बीटा मोजते आणि त्यावरून करंट ठरवते. मी विचारलं, "एकाच लेव्हलवर चालू-बंद केलं तर रिले फडफडणार की?" डॉक्टर हसले. म्हणून दोन रेघा असतात. वरच्या रेघेवर बीटा गेला की करंट हळूहळू चढतो, खालच्या रेघेखाली आला की उतरतो, मध्ये असला की आहे तिथंच थांबतो. करंटलाही वरची आणि खालची मर्यादा असते, डॉक्टर ठरवतील तेवढीच. मला जास्त नवल वाटलं ते ऐकण्याचं. मेंदूचा सिग्नल मायक्रोव्होल्टमधला, डबीचा धक्का व्होल्टमधला. तारेवर करंट देणाऱ्या बिंदूच्या वरच्या आणि खालच्या बिंदूंतून ऐकायचं, म्हणजे दोन्हीकडं सारखा येणारा धक्का वजा होतो.

रेघा कुठं मारायच्या हे मात्र पुस्तकात नसतं. ते माझ्या रोजच्या दिवसातून काढायचं. म्हणून वही आणि रिमोट. त्रास झाला की रिमोटवर नोंद करायची. इथं आमचा घोळ झाला. माझं कानडी बाजारापुरतं. मी सांगायचो "हात हलतोय", आणि तिकडं लिहिलं जायचं कंप. पण मला कधी जामातली थरथर व्हायची, कधी गोळी जास्त झाल्याची वळवळ. दोन्हीला माझ्या तोंडी एकच शब्द. एकाला करंट वाढवायला हवा, दुसऱ्याला कमी करायला! शेवटी आमच्या सौभाग्यवतींनी वहीत दोन रकाने आखले, थरथर आणि वळवळ. मुलीनं दोन्हींचे व्हिडिओ काढून बेंगळुरूला दाखवले. तेव्हा कुठं गाडी रुळावर आली.

तिसऱ्या भेटीत डॉक्टरांनी आलेख पडद्यावर लावला. दर दहा मिनिटांची सरासरी, दीड महिन्याची. बोट ठेवून म्हणाले, "रोज चारनंतर बीटा एकदम खाली येतो. वहीत चारला गोळी नाही. रविवारी येत नाही."

रविवारी दुकान बंद असतं. संध्याकाळी गर्दी असते, म्हणून मी गल्ल्यातल्या डबीतली अर्धी गोळी चार वाजता गुपचूप टाकत होतो. हिच्याकडं बघायची माझी हिंमत झाली नाही. ही कानडीत नाही, शुद्ध मराठीत म्हणाली, "वही मी कुणासाठी लिहिली हो?"

त्या अर्ध्या गोळीमुळं खालची रेघ चुकीच्या जागी बसली होती. तीन आठवडे खरं लिहून परत यायला सांगितलं. निपाणी ते बेळगाव एसटी, रात्रीची गाडी, पुन्हा तोच प्रवास, माझ्यामुळं.

आता जीभ बरीच सुटली आहे. सगळं जमलं असं नाही. एका बाजूचा सिग्नल स्वच्छ मिळत नाही, तिकडं करंट जुन्या पद्धतीनं स्थिरच आहे. वेल्डिंग सोडलं, ते भाचा करतो. मी मोठ्या चुंबकांपासूनही लांब राहतो. रोग आपल्या गतीनं पुढं जाणारच, हे डॉक्टरांनी पहिल्याच दिवशी सांगितलंय.

मध्ये एक नवाच प्रकार झाला. पहाटे लघवीला उठलो की पाय जमिनीला चिकटायचे. कारण असं निघालं की गाढ झोपेत बीटा आपोआप पडतो. डबीला वाटतं माणूस ठीक आहे, ती करंट उतरवते. आणि मी उठतो तेव्हा तो अजून खालीच असतो. मागच्या भेटीत खालची मर्यादा थोडी वर घेतली. वहीत आता तिसरा रकाना आलाय, पहाटेचा. तो मी स्वतः भरतो, अक्षर वाकडंतिकडं असलं तरी. काल तिथं लिहिलंय: पाच वाजता उठलो, दारापर्यंत नऊ पावलं, अडकलो नाही.