चांगथांगमध्ये कॅमेरा घेऊन बारा दिवस

लडाखमधल्या कोरझोक गावाला पोहोचलो तेव्हा त्सो मोरीरी तलावाचं निळं पाणी आणि मागचे उघडे डोंगर बघून हात आपोआप कॅमेऱ्याकडे गेला. तरी पहिले तीन दिवस एकही शॉट घेतला नाही. मला फिल्म करायची होती चांगपांवर, चांगथांगच्या पठारावर शेळ्या, मेंढ्या आणि याक घेऊन फिरणाऱ्या पशुपालकांवर. ओळख नसताना कुणाच्या तंबूसमोर ट्रायपॉड कसा रोवणार?

चौथ्या दिवशी दोहणीच्या वेळी एका आजींनी मला दोरी धरायला बसवलं. शेळ्या समोरासमोर दोन रांगांत, माना एकमेकींत अडकवून एकाच लांब दोरीत गुंतवतात. बायका मागून धार काढत पुढे सरकतात. काम झालं की दोरीला हिसका, आणि सगळा कळप मोकळा. तो हिसका माझ्या हातून नीट बसला तेव्हा आजी हसल्या, आणि कॅमेऱ्याकडे बोट दाखवून म्हणाल्या, काढ आता. माझ्या फिल्मचा पहिला शॉट तोच आहे.

पश्मिना याच चांगरा शेळ्यांच्या अंगावरची आतली मऊ लव. थंडी सरली की ती सुटू लागते आणि फणीने विंचरून काढतात. हे काम चित्रित करायचं असेल तर उन्हाळ्याच्या सुरुवातीलाच जा. याकच्या केसांचा काळा तंबू, रेबो, आता कमी दिसतो, कापडी तंबू जास्त. बरीच कुटुंबं लेहजवळ स्थायिक झाली आहेत. त्यांच्याशीही बोला, नाहीतर गोष्ट अर्धीच राहते.

आता तयारीचं. लेह साडेतीन हजार मीटरवर आहे, कोरझोक साडेचार हजारांच्या वर. विमानाने आलात तर लेहमध्ये किमान दोन-तीन दिवस खरोखर आराम करा. आमच्यातल्या एकाने पहिल्याच संध्याकाळी चढ चढायची घाई केली आणि पुढचे दोन दिवस डोकेदुखीने तो झोपून होता. बाहेरचं प्रीपेड सिम लडाखमध्ये चालत नाही, पोस्टपेड घ्या, आणि कोरझोकला तेही चालेल असं धरू नका. हा सीमाभाग आहे. प्रवासाचे आणि ड्रोनचे नियम निघण्याआधी लेहमध्ये विचारून घ्या.

गारठ्यात बॅटऱ्या भराभर उतरतात, म्हणून रात्री त्या स्लीपिंग बॅगमध्ये घेऊन झोपायचो. बाहेरून उबदार तंबूत शिरताना कॅमेरा बंद बॅगेतच ठेवा, नाहीतर लेन्सवर बाष्प धरतं. दुपारी वारा सुटतो, तेव्हा माइकवर केसाळ आवरण नसेल तर बोलणं ऐकूच येत नाही. माझी एक अख्खी मुलाखत अशी वाया गेली. आवाजाचं काम सकाळीच उरका.

दुभाषा चांगथांगचाच शोधा. लेहच्या बोलीत आणि इथल्या बोलीत फरक आहे, आणि शेळ्यांबद्दलचे बारकावे त्या फरकातच निसटतात.

शेवटच्या रात्री लॅपटॉपवर सगळ्यांना फुटेज दाखवलं. आजींच्या धाकट्या सुनेने स्वतःचा एक प्रसंग काढून टाकायला सांगितला. तो तिच्यासमोरच काढून टाकला.