दात्यांचं पंचांग

पुण्यात भोसरी-पिंपरीकडे कारखान्यांची सुट्टी असते गुरुवारी. विजेचा सगळा भार एकाच वारी पडू नये आणि एकाच वारी उतरू नये म्हणून औद्योगिक वसाहतींना वार वाटून दिले गेले, त्यात आमच्या वाट्याला गुरुवार आला. पोरांची शाळा रविवारी बंद, आपण गुरुवारी घरी. शेजारचे काका दर वेळी काळजीने विचारतात, "बरं नाही का?" पण गुरू ग्रहाचा वार आणि विजेचा वार एकच निघावा, ही मला लहानसहान गोष्ट वाटत नाही. कारखान्याला स्वतःचं पंचांग हवं, हा किडा डोक्यात शिरला तो तिथूनच.

सध्या भिंतीवर जी दिनदर्शिका लटकते ती बेअरिंगच्या दुकानातून फुकट आलेली. तिच्यात सगळे दिवस सारखे. प्रत्यक्षात महिन्याच्या पहिल्या आठवड्यात मशीनवर डुलक्या आणि २५ तारखेनंतर डिस्पॅचसाठी मारामारी. सुतार-लोहार अमावास्येला काम बंद ठेवायचे. आमच्याकडे महिनाअखेर हीच अमावास्या, फक्त त्या दिवशी काम दुप्पट.

माझ्या पंचांगात वर्षारंभ खंडेनवमीला. त्या दिवशी सगळी मशीनं एकदम थांबतात आणि पुसली जातात, एरवी हा योग नाही. लोखंडाचा तुकडा पकडणाऱ्या चकवर झेंडूची माळ चढते, मोटरला हळदकुंकू लागतं. नंतरचे काही दिवस कूलंटच्या ट्रेमधून धातूच्या किसाबरोबर पिवळ्या पाकळ्या निघत राहतात. नवीन वर्ष लागलं याला आणखी पुरावा कशाला?

मग ग्रह नेमले. रवी म्हणजे लेथ, बाकीचे त्याच्याभोवती. मंगळ पॉवर प्रेस, बोटांवर डोळा ठेवून असलेला. शनी हीट ट्रीटमेंटची भट्टी. साहेबांनी कितीही आरडाओरडा केला तरी ती आपल्याच गतीने तापणार आणि आपल्याच गतीने निवणार. राहूला देह नाही, चंद्राची वाट सूर्याच्या वाटेला छेदते तो नुसता बिंदू. तेव्हा राहू म्हणजे व्होल्टेज. दिसत काहीच नाही, गिळलं की कळतं.

चंद्राचं पद शेपरला, म्हणजे धातू रंधणाऱ्या मशीनला दिलं, आणि यावर मी अडून बसलो आहे. शेपरचा रॅम, म्हणजे हत्यार धरणारा दांडा, पुढे जाताना धातू कापत सावकाश जातो, मागे रिकामा येताना झपकन येतो. मोटर एकाच वेगाने फिरते. आत खाचेत सरकणारी खिट्टी हा फरक घडवते. चंद्रही असाच, कधी रेंगाळतो, कधी धावतो. म्हणून तर तिथी कधी १९-२० तासांत आटोपते, कधी २६ तासांपर्यंत लांबते, आणि क्षय-वृद्धीची भानगड होते. ग्रीसमध्ये अँटिकिथेरा बेटाजवळच्या बुडालेल्या जहाजातून १९०१ साली एक काशाचं यंत्र वर आलं, दोन हजार वर्षांपूर्वीचं. त्यात चंद्राची ही चाल दाखवायला खाच आणि खिट्टीच बसवली आहे! ग्रहणांच्या हिशेबासाठी २२३ दात्यांचं चाक, आणि १९ वर्षांत २३५ चांद्रमास बसवणारी तबकडी. १९ गुणिले १२ म्हणजे २२८, वरचे सात आपले अधिक मास. यंत्र आणि आकाश यांची सोयरीक मी लावलेली नाही, आधीच झालेली आहे.

आमचे मिस्त्री, निवृत्तीला आलेले, हे ऐकून म्हणाले, "मग साठ संवत्सरं म्हणजे काय वेगळं?" आणि खडूने फरशीवर मांडलं. १२ दात्यांचा पिनियन, म्हणजे छोटं दातेरी चाक, आणि ३० दात्यांचं मोठं चाक. ६० दाते सरले की पहिली जोडी पुन्हा समोरासमोर. गुरूचे पाच फेरे, शनीचे दोन. "पण असा गिअर आपण काढत नाही साहेब. तोच दाता त्याच दात्यावर आपटत राहिला की झिजतो. एखादा दाता कमी-जास्त ठेवायचा." वरच्यानेही तेच केलंय. गुरूचा फेरा ११.८६ वर्षांचा, शनीचा २९.४६. पूर्णांक एकही नाही.

असं खूळ फक्त माझंच आहे असं नाही. अमेरिकेतल्या कोडॅक कंपनीने १९२८ ते १९८९ पर्यंत कामकाजासाठी १३ महिन्यांचं वर्ष चालवलं. प्रत्येक महिना २८ दिवसांचा, वर एक दिवस कुठल्याच महिन्यात नसलेला. हिशेबाला चोख, पण चंद्राशी देणंघेणं शून्य. मला ते कोरडं वाटतं.

आराखडा मी मोठ्या हौसेने अकाउंट्समध्ये दाखवला. बाईंनी चष्मा वर केला.

"अधिक महिन्याचा पगार कुठल्या खात्यात टाकायचा?"

मागून दोन फिटर एकदम म्हणाले, "आमच्या." तेवढ्यावर पंचांगाला कामगारांचा एकमुखी पाठिंबा मिळाला.

"आणि जीएसटी २० तारखेलाच भरायचा आहे," बाई म्हणाल्या, "तुमची षष्ठी असो नाहीतर सप्तमी."