नाब्लुस: याकोबाच्या विहिरीवर योहानाचा चौथा अध्याय

यरुशलेमच्या दमास्कस दरवाज्याजवळच्या बसस्थानकावरून रामल्लाची बस आणि तिथून पिवळ्या सामायिक टॅक्सीने वेस्ट बँकमधलं नाब्लुस. या टॅक्सीला तिकडे ‘सर्व्हिस’ म्हणतात; जागा भरल्या की ती सुटते. अंतर साठेक किलोमीटरच, पण परतताना कलंदियाच्या इस्रायली तपासणी नाक्यावर किती वेळ जाईल याचा नेम नाही. शिवाय रस्ते खुले आहेत का हे त्याच सकाळी विचारून घ्यावं. नाब्लुसमध्ये ‘बीर याकूब’, म्हणजे याकोबाची विहीर, एवढं म्हटलं की पुरतं. बलाता निर्वासित छावणीजवळच्या ग्रीक ऑर्थोडॉक्स चर्चसमोर गाडी थांबते.

इथे यायचं कारण एकच: शोमरोनी स्त्री. बायबलमध्ये येशू याच विहिरीवर तिच्याकडे पाणी मागतो आणि तिला ‘जिवंत पाणी’ देऊ करतो; ती शोमरोनी, म्हणजे यहूद्यांशी फटकून असलेल्या समाजातली. योहानकृत शुभवर्तमानातलं हे पात्र लेखकाने किती कमी सामानातून उभं केलंय, ते जागेवर उभं राहून तपासायचं होतं. सामान तरी काय? विहीर, घागर, डोंगर आणि दुपार.

वेदीच्या बाजूच्या पायऱ्या उतरून तळघरात गेलं की मधोमध विहिरीचं दगडी तोंड, त्यावर हाताने फिरवायचा रहाट, दोर आणि बादली. खोली सुमारे ४० मीटर. येणारे-जाणारे खोली अजमावायला दगड टाकत, त्यामुळे १९व्या शतकात ती बरीच बुजली होती. पुढे साफ केली. पोहरा वर यायला केवढा वेळ लागतो हे पाहिल्यावर ४:११ (चौथा अध्याय, अकरावं वचन) मधलं तिचं वाक्य नीट ऐकू येतं: पोहरा नाही, विहीर खोल आहे, मग जिवंत पाणी कुठून आणणार? अनेक प्रवचनांत या वाक्यावरून तिला मंदबुद्धी ठरवतात, पण रोज पाणी ओढणारी बाई दुसरं काय विचारेल? ग्रीकमध्ये इथे आणखी एक बारकावा आहे. निवेदक ४:६ मध्ये ‘पेगे’, म्हणजे झरा, असा शब्द वापरतो. ती मात्र ‘फ्रेआर’, म्हणजे खणलेली विहीर, असं म्हणते. मग ४:१४ मध्ये येशूच्या तोंडी पुन्हा ‘पेगे’ येतो. दोघांच्या शब्दांतल्या या अंतरातूनच संवाद पुढे सरकतो. मराठीत दोन्हीकडे ‘विहीर’ आली की हा धागा तुटतो.

वाचनाची माझी रीत साधी आहे. आधी फक्त संवाद वेगळे लिहून काढायचे. येशू सात वेळा बोलतो, ती सहा वेळा. मग ती त्याला काय म्हणते ते क्रमाने मांडायचं: यहूदी, महाराज, आपला बाप याकोब याच्यापेक्षा थोर आहे का असा प्रश्न, संदेष्टा, आणि शेवटी मशीहाचा, म्हणजे देव पाठवणार असलेल्या तारणाऱ्याचा, विषय. हा चढ लेखकाने तिच्याच तोंडून चढवलाय. मराठी भाषांतरकाराला मात्र पहिल्याच वाक्यात ‘तू’ की ‘आपण’ हे ठरवावं लागतं. ग्रीकला ती अडचण नाही. ‘आपण’ घेतलं तर सुरुवातीचा तुटकपणा हरवतो.

याच पद्धतीने तिसरा अध्याय शेजारी ठेवावा. निकदेम हा नाव असलेला, पदावरचा परूशी, म्हणजे धर्मनियम काटेकोर पाळणाऱ्या यहूदी पंथातला. तो रात्री येशूकडे येतो. तिला नाव नाही आणि ती सहाव्या तासाला, म्हणजे भर दुपारी येते. (फोतिनी हे नाव परंपरेचं, चर्चही त्याच नावाचं आहे.) निकदेम तीनदा बोलतो, आणि तिसरं बोलणं ग्रीकमध्ये चारच शब्दांचं: हे कसं होऊ शकतं? त्यानंतर त्या प्रसंगातून तो नाहीसा होतो, कुठे गेला हेही सांगितलेलं नाही. तो ७:५० ला पुन्हा दिसतो आणि १९:३९ ला येशूच्या दफनासाठी शंभर लित्रा, म्हणजे जवळजवळ ३३ किलो, गंधरस व अगरू घेऊन येतो. तो वस्तू आणतो; ती घागर तिथेच टाकून गावाकडे जाते.

सर्वाधिक घोळ होतो तो पाच नवऱ्यांपाशी: येशू तिला नवऱ्याला बोलवायला सांगतो आणि तिला पाच नवरे होऊन गेले, असंही म्हणतो. ‘मला नवरा नाही’ हे तिचं सर्वांत लहान वाक्य, ग्रीकमध्ये तीन शब्द. पाच नवरे मेले की त्यांनी तिला सोडलं, मजकूर सांगत नाही. पश्चात्ताप नाही, क्षमा नाही, ‘पाप’ हा शब्दच या संवादात नाही. लोकलाजेने ती दुपारी पाण्याला आली असंही कुठे लिहिलेलं नाही. हे सारं वाचकांनी बाहेरून आणून घातलंय. ते बाजूला ठेवलं की तिचा पुढचा प्रश्न विषय टाळणारा वाटत नाही. आपल्या लोकांच्या सर्वांत जुन्या वादाला, उपासना आपल्या डोंगरावर की यरुशलेमात, ती तिथे हात घालते.

आणि तो प्रश्न कळायला चर्चबाहेर यावं. ‘आमच्या पूर्वजांनी या डोंगरावर उपासना केली’, असं ती म्हणते. डोंगराचं नाव ती घेत नाही, कारण गरिज्जीम समोरच आहे, ८८१ मीटर उंच. तिने बोट दाखवलं असेल हे इथे वेगळं सांगावं लागत नाही. वरचं शोमरोनी मंदिर यहूदी शासक आणि महायाजक योहान हिर्कानसने त्या भेटीच्या शंभराहून अधिक वर्षं आधी उद्ध्वस्त केलं होतं. तिच्या ‘केली’ या भूतकाळात तो घावही असावा, असं मला वाटतं.

मराठी वाचकाला हा अध्याय परका नाही. इंग्लंडमध्ये असताना याच अध्यायातल्या खऱ्या उपासनेवरच्या भागाने आपल्याला कसं हलवलं, ते पंडिता रमाबाईंनी आपल्या साक्षीत लिहिलंय. १८८३ साली त्यांचा बाप्तिस्मा झाला, आणि पुढे हिब्रू-ग्रीक शिकून त्यांनी बायबल मराठीत आणलं.

विहिरीवरून गरिज्जीमवर जायला टॅक्सी करावी. वर किर्यत लूझा हे शोमरोन्यांचं गाव आहे. आज हा समाज जेमतेम आठ-नऊशेंचा, काही इथे, काही इस्रायलमधल्या होलोन शहरात. शिखरावर उत्खननात उघडं पडलेलं जुनं आवार आणि ४८४ साली बांधलेल्या अष्टकोनी चर्चचे अवशेष दिसतात. कड्यावरून खाली पाहिलं की चर्च, बलाता आणि उत्तरेला अस्कर दिसतं. हेच तिचं गाव सूखार, असं बरेच अभ्यासक मानतात. विहिरीपासून ते किलोमीटरभरावर. घागर नसली तर चालत पंधरा मिनिटं.